राडोमच्या पिस्तुलावरचे दोन गरुड

जुन्या लष्करी पिस्तुलावरचे ठसे दोन तऱ्हांचे असतात. एक कारखान्याचा: ‘हे मी घडवले’. दुसरा तपासनिसाचा: ‘हे मी पाहून सैन्यासाठी पत्करले’. बहुतेक वेळा दोघे एकाच बाजूचे असतात. पोलंडमधील राडोम शहरातल्या ‘व्हिस’ पिस्तुलावर मात्र ते एकमेकांचे वैरी ठरले.

व्हिल्न्येव्चित्स आणि स्कशिपिन्स्की या रचनाकारांच्या आद्याक्षरांवरून पिस्तुलाचे नाव आधी ‘विस’ असे होते. पुढे ते ‘व्हिस’, म्हणजे लॅटिनमध्ये ‘बळ’, असे झाले. महायुद्धापूर्वीच्या पिस्तुलाच्या डाव्या अंगावर ‘एफ. बी. राडोम’ ही अक्षरे, निर्मितीचे वर्ष, मुकुटधारी पोलिश गरुड आणि पेटंट क्रमांक १५५६७ कोरलेला दिसतो. ‘एफ. बी.’ म्हणजे फाब्रिका ब्रोनी, शस्त्रांचा कारखाना.

१९३९ मध्ये जर्मनीने पोलंड व्यापले आणि त्याच कारखान्यात तेच पिस्तूल जर्मन सैन्यासाठी बनू लागले. आता मजकूर पाहा. पोलिश गरुड गेला, वर्षही गेले. पण राडोमचे नाव आणि पोलिश पेटंटचा क्रमांक तसाच राहिला! सुरुवातीच्या नगांवर ‘पी. ३५ (पी)’ अशी भर पडली. कंसातला ‘पी’ म्हणजे ‘पोलिश’. शेजारी बारीक जर्मन गरुड आणि ‘डब्ल्यूएए ७७’. पहिली अक्षरे जर्मन शस्त्रखात्याची, ७७ हा तिथल्या तपासणी पथकाचा क्रमांक. संग्राहक आधी हाच आकडा शोधतात, आणि ते बरोबरच आहे.

पण हा ठसा सांगतो तो फक्त तपासनिसासमोर आलेल्या नगाबद्दल. राडोमचे कामगार सुटे भाग लपवून भूमिगत चळवळीकडे पोचवत होते. पुरे पिस्तूल तिथे जुळू नये म्हणून जर्मनांनी नळी घडवण्याचे काम ऑस्ट्रियातील स्टायरला नेले. ऑक्टोबर १९४२ मध्ये राडोममध्ये लोकांना जाहीर फाशी देण्यात आले. त्यांत या कारखान्याचे कामगार होते.

युद्धाच्या अखेरीस जुळणीही ऑस्ट्रियात गेली. त्या शेवटच्या पिस्तुलांवर स्टायरची ‘बीएनझेड’ ही सांकेतिक अक्षरे आढळतात. तपासनिसाच्या ठशावाचून एखादा व्हिसचा भाग हाती आला, तर संग्राहक त्याला अपुरा म्हणून बाजूला ठेवतो. मी तो आधी उचलून पाहीन.