बोटीवरचं जेवण आणि हबीब बुफारेस

हबीब बुफारेस हे नाव तुमच्यापैकी थोड्यांनीच ऐकलं असेल. ते व्यावसायिक नट नव्हेत, बांधकाम मजूर. दिग्दर्शक अब्देललतीफ केशीश यांना 'ला ग्रेन ए ल म्युले' या 2007च्या चित्रपटात स्वतःच्या वडिलांना घ्यायचं होतं. वडील वारले, मग त्यांच्या या जुन्या सहकाऱ्याकडे स्लिमानची भूमिका आली.

स्लिमान म्हणजे दक्षिण फ्रान्समधल्या सेत बंदरातला, उत्तर आफ्रिकेतून आलेला, गोदीतलं काम सुटलेला साठीचा माणूस. त्याला जुन्या बोटीवर खानावळ काढायचीय. खासियत एकच, कुसकुस: रव्याचे वाफवलेले दाणे, भाज्यांचा रस्सा आणि मासा, आपल्याकडचा बोय म्हणा ना. पण बघा, स्लिमान स्वतः रांधत नाही. रांधते त्याची घटस्फोटित बायको, सुआद.

खरी गंमत मेजवानीच्या रात्री आहे. ज्यांच्या परवानगीवर, कर्जावर सगळं अडलंय, ती बडी मंडळी बोटीवर बसलीयत. मासा तयार. दाण्यांचं पातेलं मात्र मुलाच्या गाडीत राहिलंय आणि मुलगा पसार! स्लिमान सुआदकडे जातो, तर ती घरी नाही. रिवाजाप्रमाणे बाजूला काढलेलं ताट एका बेघर माणसाला द्यायला गेलीय. अतिथी नेमका कोण, हा प्रश्न इथे कुणी उच्चारत नाही, म्हणूनच तो टोचतो.

तेवढ्यात पोरं त्याची मोपेड पळवतात. तो मागे धावतो. शिकलेला नट असा धावला नसता. गुडघे, दम, वय, सगळं दिसतं. आणि बोटीवर पाहुणे अजून उपाशीच.