कूळ, कबजेगहाण आणि कागद

दुसऱ्याची जमीन कायदेशीरपणे कसणारा माणूस कूळ मानला जाईल, असे १९४८च्या मुंबई कूळकायद्याचे चौथे कलम सांगते. भाडेपट्टा लिहिलेला नसला तरी त्याला हे संरक्षण मिळते. त्याच कलमाने तिघांना मात्र वगळले: मालकाच्या कुटुंबातले माणूस, मजुरीवरचा गडी आणि कबजेगहाणदार, म्हणजे गहाण जमीन स्वतःच्या ताब्यात घेणारा सावकार. पहिल्या दोघांवरून वाद कमी झाले, तिसऱ्यावरून पिढ्यान्‌पिढ्या चालले.

कबजेगहाणदाराला वगळणे योग्यच होते. १८७५च्या मे महिन्यात भीमथडी तालुक्यातल्या सुप्यापासून दख्खनचे दंगे पेटले. शेतकऱ्यांचा राग सावकाराच्या कर्जरोख्यांवर होता, कारण जमिनी त्या रोख्यांपायीच जात होत्या. १ एप्रिल १९५७ला, कृषकदिनी, कूळ कसत्या जमिनीचे मालक मानले गेले. ताब्यातला गहाणदार त्या दिवशी कूळ ठरला असता, तर कर्जदाराची जमीन सावकाराला कायद्यानेच बहाल झाली असती.

पण सावकार स्वतः नांगर धरत नाही. तो जमीन तिसऱ्याला कसायला देतो. गहाण फिटल्यावर मालक ताबा मागायला येतो, तेव्हा शेतात हा तिसरा उभा असतो. दह्यालाल विरुद्ध रसूल महंमद या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९६२मध्ये या तिसऱ्याच्या बाजूने निकाल दिला. ताब्यातल्या गहाणदाराने रीतसर आणलेला कसणारा 'कायदेशीरपणे कसणारा'च आहे, त्याला मालकाची वेगळी संमती लागत नाही, असे न्यायालय म्हणाले. बिहारमधून आलेल्या महाबीर गोप खटल्यात १९५२मध्ये हेच न्यायालय उलट म्हणाले होते: गहाणदाराने दिलेला पट्टा साधारणपणे गहाणाबरोबर संपतो. फरक पडला तो कूळकायद्यामुळे.

दह्यालालचा निकाल कायद्याच्या शब्दांना धरून आहे, आणि घाम गाळणाऱ्याला तो न्याय देतो. तरीही मला तो अर्धा न्याय वाटतो. दुखण्यासाठी किंवा लग्नासाठी दोन एकर गहाण टाकणारा मालक अनेकदा कुळाइतकाच गरीब असतो. त्याने कर्ज फेडले, पण जमीन परत आली नाही.

कधी कूळच मालकाला पैसे देऊन तीच जमीन गहाण घेते. मग त्याचे कूळपण बुडते का? मथुरादास मगनलाल खटल्यात (१९७६) दस्ताच्या मजकुरावरून कुळाने हक्क सोडल्याचे ठरले. अप्पलस्वामी नायडू खटल्यात (१९८४) मात्र तसा हेतू दिसत नसल्याने गहाण फिटल्यावरही कुळाचा हक्क टिकला. दस्तात एक ओळ कशी लिहिली, यावर घराण्याची शेती ठरली.

मुदतखरेदीची, म्हणजे पैसे फेडल्यास जमीन परत देण्याच्या बोलीवर केलेल्या विक्रीची, कहाणी याहून कडू आहे. मालमत्ता हस्तांतरण कायद्यात १९२९ साली दुरुस्ती झाली, तेव्हापासून परतफेडीची अट खरेदीखतात असेल तरच तो व्यवहार गहाण ठरू शकतो. सावकार खरेदीखत साधे करून घेतो, परतीचा शब्द तोंडी देतो. महाराष्ट्राच्या २०१४च्या सावकारी कायद्याने जिल्हा निबंधकाला अशी जमीन चौकशीअंती परत देण्याचा अधिकार दिला, हे त्या कायद्याचे सर्वांत मोलाचे कलम आहे. त्याच वर्षी सिंग राम खटल्यात आणखी एक दिलासा मिळाला: मुदत न ठरवलेल्या कबजेगहाणात तीस वर्षे उलटली, एवढ्यावरून सोडवणुकीचा हक्क बुडत नाही.

विदर्भ, मराठवाडा आणि गोवा यांचे कूळकायदे वेगळे आहेत, तिथल्या तारखा आणि कलमे वेगळी तपासावी लागतात. कुळाला मिळालेली जमीन विकायला मुंबई कूळकायद्याच्या कलम ४३ची आडकाठी होती. २०१४च्या दुरुस्तीनंतर, खरेदी प्रमाणपत्राला दहा वर्षे झाली असतील तर शेतसाऱ्याच्या चाळीस पट नजराणा भरून ती दूर होते.

आज शेते सर्रास तोंडी बोलीवर दिली जातात. मालकाला कुळाची भीती असते, आणि कसणाऱ्याला कागद नसल्याने बँकेचे पीककर्ज मिळणे अवघड जाते. तो पुन्हा सावकाराकडे जातो. नीती आयोगाने २०१६मध्ये शेतजमीन भाडेपट्ट्याचा नमुना कायदा मांडला, त्यात मालकाची मालकी अबाधित ठेवून कसणाऱ्याला कर्जाची वाट मोकळी केली आहे. महाराष्ट्राने या धर्तीवर पाऊल उचलावे. तोवर वाचकांना एकच विनंती: शंभर रुपयांच्या वरचे गहाण साध्या कागदावर करू नका, ते नोंदवा. फिटले की गहाणमुक्तीचा दस्त नोंदवा आणि सातबाऱ्याच्या इतर हक्कांतला बोजा फेरफाराने कमी झाला का, ते तलाठ्याकडे जाऊन स्वतःच्या डोळ्यांनी पाहा.