सूर लावण्याची किंमत

आवाजाने जग बदलणाऱ्यांचा संघ ही कल्पना अद्भुतकथा आणि विज्ञानकथा लिहिणाऱ्यांना पुन्हा पुन्हा खुणावते. मंत्र म्हटला आणि दार उघडले, एवढेच तिच्यात असते तर ती पोराटोरांच्या गोष्टींपुढे गेली नसती. पण संघ म्हटला की प्रवेश आला, तालीम आली, कुणाला उंबऱ्यावरून परत पाठवायचे हे आले आणि आत घेतलेल्याकडून काय वसूल करायचे हेही आले. इंग्रजीतली या जातीची पुस्तके वाचताना मी एकच गोष्ट पाहतो : सूर लावणाऱ्याला तो केवढ्याला पडला?

या कसोटीवर ॲन मॅकॅफ्री यांची ‘क्रिस्टल सिंगर’ (१९८२) मला सर्वांत उजवी वाटते. किलाशांड्रा री दहा वर्षे गाणे शिकते आणि शेवटी तिला सांगितले जाते की तुझ्या आवाजात दोष आहे, मुख्य गायिका तू कधीच होणार नाहीस. तिचा कान मात्र अचूक आहे, आणि बॅलीब्रान ग्रहावरच्या हेप्टाइट गिल्डला नेमका तोच हवा असतो. तिथल्या डोंगरांतल्या स्फटिकांवर ग्रहाग्रहांमधले दळणवळण चालते. ते काढायची रीत मॅकॅफ्री फार बारकाईने दाखवतात. गायिका कड्यासमोर उभी राहून स्वर लावते. दगडाच्या पोटातला स्फटिक त्याच स्वरात झंकारतो. मग हातातले ध्वनिकर्तक त्या स्वराला मिळवून घ्यायचे आणि काप द्यायचा. मॅकॅफ्री स्वतः गाणे शिकलेल्या होत्या. स्वर छातीत कसा बसतो हे ठाऊक असलेल्या बाईने ही पाने लिहिली आहेत हे लगेच कळते.

आता किंमत. ग्रहावरचा एक सूक्ष्म जीव अंगात भिनल्याशिवाय तिथे गाता येत नाही. तो भिनला की इंद्रिये तीक्ष्ण होतात, जखमा भराभर भरतात, आयुष्य लांबते. पण मूल होत नाही आणि ग्रह सोडून फार काळ राहता येत नाही. वादळ उठले की सगळी डोंगररांग एकदम वाजू लागते आणि त्यात सापडलेल्या गायकाचे डोके फिरते. सर्वांत वाईट म्हणजे स्मृती झिजत जाते. आपली खाण कुठे आहे हे गायक जिवापाड लपवतो, आणि एक दिवस ते त्याचे त्यालाच आठवत नाही. हे धोके गिल्ड भरतीआधी सांगते, तरीही माणसे सही करतात. पुस्तकातली सर्वांत बोचणारी गोष्ट मला हीच वाटते.

पुढच्या ‘किलाशांड्रा’ (१९८५) या कादंबरीत ती ऑप्थेरिया ग्रहावर एका स्फटिक-ऑर्गनची दुरुस्ती करायला जाते. त्या ऑर्गनच्या मैफलींतून लोकांच्या मनावर नकळत ठसे उमटवून सत्ताधारी त्यांना मुठीत ठेवत असतात. इथे किंमत श्रोता मोजतो, आणि तीही न विचारता.

उर्सुला ल ग्विन यांचे रोक बेट याहून वेगळे. ‘अ विझर्ड ऑफ अर्थसी’ (१९६८) या कादंबरीतली ही विद्याशाळा खऱ्या नावांच्या उच्चारावर उभी आहे : वस्तूचे मूळ नाव उच्चारता आले की ती ताब्यात येते. तिच्या नऊ आचार्यांपैकी नामाचार्य एका एकाकी मनोऱ्यात बसून नावांच्या याद्या लिहितो. शाई मध्यरात्री उडून जाते आणि चर्मपत्र पुन्हा कोरे होते. त्याआधी यादी तोंडपाठ झालीच पाहिजे. खड्याचा हिरा झालेला नुसता दाखवता येतो, पण कायमचा करायचा तर त्याचे नाव बदलावे लागते आणि तेवढ्यानेही जगाचा तोल हलतो, हे गेड या पोराला तिथे शिकवले जाते. तो ऐकत नाही, आणि पुढची सगळी कथा त्याची फेड आहे.

रोकचे दार मात्र मुलींना बंद होते. ल ग्विन यांनी हे तसेच सोडून दिले नाही. ‘टेहानू’ (१९९०) आणि ‘टेल्स फ्रॉम अर्थसी’ (२००१) या पुस्तकांत त्या मागे वळल्या आणि ती शाळा उभारण्यात बायकांचाही हात होता, त्यांना पुढे बाहेर काढले गेले, हे त्यांनी लिहिले. आपणच रचलेल्या संघाची अशी झडती घेणारा लेखक विरळा. मॅकॅफ्री यांच्या ‘ड्रॅगनसाँग’मध्येही (१९७६) कोळ्यांच्या वस्तीतल्या मेनोलीला बाप वाजवू देत नाही, कारण ती मुलगी आहे.

फ्रँक हर्बर्ट यांच्या ‘ड्यून’मधल्या (१९६५) बेने गेसेरिट भगिनी आवाजाच्या विशिष्ट फेकीने समोरच्याला हुकूम पाळायला लावतात. ही कल्पना जबर आहे, पण ती शेवटी एक हत्यारच. टोल्किन यांच्या ‘सिल्मरिलियन’मध्ये देवतांच्या समूहगानातून विश्व घडते आणि मेल्कोरच्या बेसुरातून त्यात दुःख शिरते. ते भव्य आहे. माणसाची तालीम मात्र तिथे नाही.

आपल्याकडच्या आख्यायिकेत ती किंमत आधीपासून आहे. दीपक रागाने दिवे लागले, तसे तानसेनचे अंगही पेटले. वडनगरच्या ताना-रीरी यांनी मल्हार गाऊन तो दाह शमवला, आणि पुढे दरबारात गाण्याची सक्ती होताच जीव दिला असे सांगतात. दंतकथा सोडून इतिहासाकडे आले तरी घराणी आहेतच. कामाच्या ताणाने अल्लादिया खाँसाहेबांचा आवाज गेला, आणि परत आलेल्या वेगळ्या आवाजाला पेलेल अशी गायकी त्यांनी रचली. किलाशांड्राचा दोष वाचताना मला तेच आठवतात. त्यांच्या शिष्या केसरबाई केरकर यांनी आपली विद्या किती राखून ठेवली, हे गाण्यातल्या लोकांना ठाऊक आहे. त्यांच्याकडून तालीम मिळाली ती धोंडूताई कुलकर्णींना.

या मुलखातला संघ मला मराठी कादंबरीत वाचायचा आहे. त्यात गंडाबंधन असेल, लपवलेल्या चिजा असतील, आवाज बसलेला एखादा उस्ताद असेल आणि भिंतीपलीकडून ऐकून शिकलेली एक मुलगीही असेल.