अमेरिकेतली बाई: आपला समज आणि तिथली हकीकत

अमेरिकेतली बाई पहिल्यापासूनच स्वतंत्र, असं आपल्याकडे सर्रास बोललं जातं. पण आनंदीबाई जोशी १८८६ साली फिलाडेल्फियाच्या ज्या कॉलेजातून डॉक्टर झाल्या, ते बायकांसाठी वेगळं काढलेलं कॉलेज होतं. पुरुषांच्या बहुतेक वैद्यकीय कॉलेजांत तेव्हा बायकांना प्रवेशच नव्हता.

१९२० च्या घटनादुरुस्तीने सगळ्या बायकांना मत मिळालं, हेही अर्धंच खरं. वायोमिंगने तो हक्क १८६९ मध्येच दिला होता. उलट दक्षिणेतल्या काळ्या स्त्रियांना १९२० नंतरही साक्षरतेच्या परीक्षा, मतदान-कर आणि धाकदपटशा यांनी मतपेटीपासून दूर ठेवलं गेलं. ती अडवणूक मोडणारा कायदा यायला १९६५ उजाडलं.

पैशाचं तर विचारूच नका. १९७४ चा कायदा होईपर्यंत बँक नवऱ्याची सही मागून बाईचं कर्ज किंवा क्रेडिट कार्ड खुशाल अडवू शकत होती, मग ती स्वतः कमावती का असेना. धंद्यासाठीच्या कर्जाला पुरुष जामीनदार मागायची सोय काही राज्यांत १९८८ पर्यंत टिकली. माणूस चंद्रावर जाऊन आल्यानंतरच्या या गोष्टी आहेत.

आणखी एक समज फार पक्का आहे: दुसऱ्या महायुद्धाने बायकांना घराबाहेर काढलं. पण लोवेल शहरातल्या कापड गिरण्यांतल्या मुलींनी १८३४ मध्येच पगारकपातीविरुद्ध संप केला होता. गरीब आणि काळ्या बायका तर कायमच राबत होत्या. दुसऱ्यांच्या घरी धुणीभांडी करणाऱ्या या बायकांना ‘गृहिणी’ म्हणून कुणी मोजलं नाही. युद्धाने नवं दिलं ते कारखान्यातलं चांगल्या पगाराचं काम आणि सरकारी खर्चाची पाळणाघरं. युद्ध संपताच सैनिक परतले, कामं गेली, आणि १९४६ मध्ये सरकारने पाळणाघरांचा पैसाही थांबवला.

माझ्या मते खरी गाठ इथेच आहे. कचेऱ्यांची दारं उघडली, पण मूल कोण सांभाळणार हा प्रश्न ज्याच्या त्याच्या घरावर टाकला गेला. देशभर पाळणाघरं उभारण्याचं विधेयक १९७१ मध्ये अमेरिकी संसदेने, म्हणजे काँग्रेसने, मंजूर केलं होतं; राष्ट्राध्यक्ष निक्सन यांनी ते नकाराधिकार वापरून परत पाठवलं. १९९३ मध्ये बाळंतपणासाठी आणि आजारपणासाठी बारा आठवड्यांची रजा कायद्याने मिळाली. ती बिनपगारी आहे, आणि खासगी क्षेत्रात पन्नासपेक्षा कमी नोकर असलेल्या कंपन्यांना ती लागू नाही. पगारी रजेचा कायदा कॅलिफोर्नियासारख्या काही राज्यांनी आपापल्या हिमतीवर केला आहे.