मॅडनेसचं ‘अवर हाऊस’ : स्का जवळजवळ नसलेलं स्काचं गाणं

नोव्हेंबर १९८२मध्ये लंडनच्या स्टिफ रेकॉर्ड्स या कंपनीने ‘मॅडनेस’ या बँडची एक नवी तबकडी बाजारात आणली. गाण्याचं नाव ‘अवर हाऊस’. ब्रिटनच्या विक्रीच्या यादीत ते पाचव्या क्रमांकापर्यंत चढलं आणि पुढच्या वर्षी अमेरिकेत सातव्या. आज ब्रिटिश स्का-पॉपचा विषय निघाला की पहिल्या दोन-तीन नावांत हे येतंच. गंमत अशी की गाणं लावून त्यात स्का शोधायला बसलं, तर हाती फार थोडं लागतं. तो कुठे गेला हे बघायचं, तर सुरुवात लंडनपासून करून चालत नाही. (एक खुलासा आधीच करतो: ग्रॅहम नॅशने लिहिलेलं १९७०चं याच नावाचं शांत गाणं वेगळं. इंटरनेटवर शोधताना दोन्हींची हमखास गल्लत होते.)

किंग्स्टनचा ठेका

स्का जमैकाचा. १९५०च्या दशकाच्या अखेरीस किंग्स्टन शहरात मोठमोठे स्पीकर गाडीवर लादून गल्लोगल्ली नाचगाण्याचे कार्यक्रम करणारे ‘साऊंड सिस्टिम’वाले होते. ते अमेरिकन रिदम अँड ब्लूजच्या तबकड्या वाजवत. अमेरिकेत ती शैली मागे पडून रॉक अँड रोल आलं, तेव्हा यांना हवा तसा माल मिळेना. मग त्यांनी स्थानिक वादकांना घेऊन स्वतःच ध्वनिमुद्रणं सुरू केली. त्यात जमैकाचं मेंटो हे लोकसंगीत आलं, जॅझमधले ट्रम्पेट-सॅक्सोफोन आले आणि ठेका उलटला.

उलटला म्हणजे काय? चार मात्रा सारख्या लयीत मोजा. आपला हात आपोआप मात्रेवर पडतो. स्कामध्ये गिटार किंवा पियानो दोन मात्रांच्या मधोमध वाजतो आणि तोही तुटक, लगेच दाबून टाकलेला. एकाच गाण्यात पाय एका जागी पडतो आणि कान दुसरीकडे ओढला जातो. या ओढीमुळेच स्का ऐकताना माणसाला गुडघे वाकवून नाचावंसं वाटतं.

प्रिन्स बस्टर हा या संगीताचा एक मोठा गायक-निर्माता. खरं नाव सेसिल कॅम्पबेल. ‘मॅडनेस’ आणि ‘वन स्टेप बियाँड’ ही त्याची दोन गाणी लक्षात ठेवा, ती पुढे लागणार आहेत. १९४८मध्ये ‘एम्पायर विंडरश’ जहाजातून कॅरिबियन लोक ब्रिटनला आले आणि त्यानंतरही येत राहिले. त्यांच्या मागोमाग त्यांचं संगीतही आलं. ब्लू बीट नावाचा शिक्का असलेल्या जमैकन तबकड्या लंडनमध्ये विकल्या जाऊ लागल्या. १९६४मध्ये मिली स्मॉल या जमैकन मुलीचं ‘माय बॉय लॉलीपॉप’ ब्रिटनच्या यादीत दुसऱ्या क्रमांकावर गेलं, तेव्हा गोऱ्या मध्यमवर्गाच्या दिवाणखान्यातही हा ठेका पोचला. नंतर जमैकातच स्काची लय संथ होत गेली, रॉकस्टेडी आणि पुढे रेगे जन्मले, आणि मूळ स्का जुन्या तबकड्यांच्या खोक्यात गेला.

काळ्या-पांढऱ्या चौकटी

तो खोक्यातून बाहेर काढला कॉव्हेंट्रीच्या जेरी डॅमर्सने. मोटार कारखान्यांचं हे शहर १९७०च्या दशकाच्या शेवटी मंदीत सापडलं होतं आणि नॅशनल फ्रंटसारखी वर्णद्वेषी संघटना रस्त्यावर दिसू लागली होती. डॅमर्सने १९७९मध्ये ‘टू टोन’ हे लेबल काढलं. त्याचा स्वतःचा ‘द स्पेशल्स’, शिवाय ‘द सिलेक्टर’, ‘द बीट’ या बँडांत काळे-गोरे वादक शेजारी शेजारी उभे राहत. लेबलची काळ्या-पांढऱ्या चौकटींची खूण म्हणजे त्यांचं राजकारणच होतं. १९८१च्या जुलैमध्ये ब्रिटनच्या शहरांत दंगली पेटल्या असताना स्पेशल्सचं ‘घोस्ट टाउन’ पहिल्या क्रमांकावर होतं.

मॅडनेसची पहिली तबकडी याच लेबलवर, ऑगस्ट १९७९मध्ये निघाली. गाणं ‘द प्रिन्स’, म्हणजे प्रिन्स बस्टरला वाहिलेली आदरांजली. ते सोळाव्या क्रमांकापर्यंत गेलं. मागच्या बाजूला होतं बस्टरचंच ‘मॅडनेस’. बँडचं नावही तिथूनच घेतलेलं.

कॅमडेनची सात पोरं

मॅडनेसची सुरुवात १९७६मध्ये उत्तर लंडनच्या कॅमडेन भागात, ‘नॉर्थ लंडन इन्व्हेडर्स’ या नावाने झाली. माईक बार्सन पियानोवर, क्रिस फोरमन गिटारवर, ली थॉम्पसन सॅक्सोफोनवर, मार्क बेडफर्ड बासवर, डॅनियल वुडगेट ड्रम्सवर. गायक ग्रॅहम मॅकफर्सन, ज्याला सगळे ‘सग्ज’ म्हणूनच ओळखतात. सातवा कॅथल स्मिथ, ऊर्फ चास स्मॅश. हा आधी नुसता नाचायचा आणि मध्येच ओरडायचा, मग ट्रम्पेट वाजवू लागला आणि गाणीही लिहू लागला. पार्कवे रस्त्यावरचा ‘डब्लिन कॅसल’ हा पब त्यांचा अड्डा. तो आजही आहे आणि मॅडनेसच्या नावावर आजही गिऱ्हाईक खेचतो.

सातही जण गोरे. टू टोनच्या चौकटीत हे जरा अवघडच होतं. सुरुवातीच्या त्यांच्या कार्यक्रमांना डोकं तासलेल्या स्किनहेड पोरांची गर्दी होई, त्यांतले काही नॅशनल फ्रंटचे असत, आणि बँडने त्यांना वेळीच खडसावलं नाही अशी टीका त्या काळच्या संगीत-साप्ताहिकांत झाली. बँडने पुढे त्या लोकांशी आपला संबंध नाही हे स्पष्ट केलं. मला यातलं एक महत्त्वाचं वाटतं. काळ्या संगीताची उसनवारी करून आपण कोण आहोत, हा प्रश्न या मुलांना टाळता येण्यासारखा नव्हता, आणि त्यांनी त्याचं उत्तर भाषणांतून दिलं नाही, गाण्यांतून दिलं. ती गाणी हळूहळू जमैकाची राहिली नाहीत. ती कॅमडेनची झाली.

स्टिफ रेकॉर्ड्सवर आल्यावर यश भराभर आलं. ‘वन स्टेप बियाँड’ हे बस्टरचं गाणं त्यांनी वाजवलं आणि पहिल्या अल्बमला त्याचंच नाव दिलं. ‘माय गर्ल’ आणि शाळेच्या आठवणींवरचं ‘बॅगी ट्राउझर्स’ तिसऱ्या क्रमांकावर गेली. मे १९८२मध्ये ‘हाऊस ऑफ फन’ पहिल्या क्रमांकावर पोचलं. ब्रिटनमध्ये त्यांचं पहिल्या क्रमांकावर गेलेलं गाणं हे एकच, त्याआधी नाही आणि त्यानंतरही नाही.

१९८२चं वर्ष

त्या जानेवारीत ब्रिटनमधल्या बेकारांचा आकडा तीस लाखांवर गेला. एप्रिल ते जून फॉकलंडचं युद्ध झालं. अशा वर्षात मॅडनेसने ‘द राईज अँड फॉल’ हा अल्बम केला. मूळ कल्पना अशी की प्रत्येकाने आपल्या लहानपणावर, आपल्या घरावर लिहायचं. अल्बममध्ये युद्धावर तिरकस बोलणारं ‘ब्लू स्किन्ड बीस्ट’ही आहे. क्लाइव्ह लँगर आणि ॲलन विन्स्टन्ली हे त्यांचे नेहमीचे निर्माते याही वेळी होतेच. ‘अवर हाऊस’ फोरमन आणि स्मिथ यांनी मिळून लिहिलं. तंतुवाद्यांची रचना डेव्हिड बेडफर्ड यांनी केली, ज्यांनी माईक ओल्डफिल्डच्या ‘ट्युब्युलर बेल्स’चं वाद्यवृंदासाठी रूपांतर केलं होतं.

गाण्यातलं घर लंडनच्या मजुरांच्या वस्तीतलं. भिंतीला भिंत लावून रस्त्याच्या कडेने ओळीत उभी घरं, खाली-वर मोजक्या खोल्या, समोरचं दार थेट फुटपाथवर. आपल्याकडे गिरगाव-परळच्या चाळीत ज्याचं बालपण गेलं, त्याला हा गलका समजावून सांगावा लागणार नाही. वडील रविवारचे चांगले कपडे घालतात, आई थकलेली आहे, पोरं खाली धुडगूस घालतायत, भाऊ कुणाला तरी भेटायला निघालाय. पुढच्या कडव्यात कामावर जायला उशीर झालेले वडील आणि त्यांचा शर्ट इस्त्री करणारी आई.

बरेच जण एवढंच ऐकतात आणि हे एक आनंदी कौटुंबिक गाणं म्हणून सोडून देतात. पण मध्येच काळ बदलतो. वर्तमानात चाललेलं घर एकाएकी भूतकाळात जातं आणि गाणारा आठवणी सांगू लागतो. एका ठिकाणी तर या घरातून निघून जायला हवं अशी जाणीव अगदी थोड्या शब्दांत येऊन जाते. ती ज्या ओळीवर येते, ती ओळ प्रेक्षक हात उंचावून, हसत हसत म्हणतात.

चालीतली मेख

ही उदासी शब्दांपेक्षा जास्त स्वरांत आहे, आणि हार्मोनियमवर बोटं फिरवणाऱ्याला ती लगेच सापडेल. कडव्याचा सा पांढरी एक. त्यावर चार कॉर्ड फिरतात: सी मेजर, जी मायनर, डी मायनर, एफ मायनर. पहिला कॉर्ड म्हणजे सा-ग-प, सगळं शुद्ध, सगळं आलबेल. दुसऱ्यात कोमल निषाद डोकावतो. तिसऱ्यात रे-म-ध, धैवत शुद्ध. आणि चौथ्यात तोच धैवत कोमल होतो. मग पुन्हा सा-ग-प, जणू काही झालंच नाही. चार कॉर्डांच्या प्रत्येक फेरीत घर एकदा उजळतं आणि एकदा झाकोळतं.

ध्रुपद आलं की सगळा साचाच एक स्वर वर सरकतो. पांढरी दोन सा होते आणि तीच चार पावलं तिथून पडतात. त्यामुळे ध्रुपद दार उघडल्यासारखं खुलतं. पुढे सा पुन्हा जागा बदलत राहतो. पहिल्यांदा ऐकताना हे लक्षात येत नाही, आणि येऊ नये अशीच ती कारागिरी आहे. वर डेव्हिड बेडफर्डची व्हायोलिन्स, खाली मार्क बेडफर्डचा उड्या मारणारा बास.

मग स्का कुठे राहिला? पियानोच्या ठोकदार चालीत थोडा, सॅक्सोफोनच्या खरखरीत थोडा. उलटा ठेका जवळजवळ गेलेला आहे. त्याच्या जागी जुन्या लंडनच्या म्युझिक हॉलमधली गाणी आणि ‘द किंक्स’च्या रे डेव्हिसची रस्त्यावरच्या माणसांकडे बघण्याची नजर आली आहे. शुद्धतावाद्यांना हे रुचलं नाही. माझ्या मते मॅडनेस इथे पहिल्यांदा पूर्णपणे स्वतःसारखे वाजले. दुसऱ्याच्या घरातला ठेका किती दिवस वापरणार?

१९८३मध्ये या गाण्याला शब्द आणि संगीत या दोन्हींसाठी सर्वोत्कृष्ट गीताचा आयव्हर नोव्हेलो पुरस्कार मिळाला. गीतलेखनाचा तो ब्रिटनमधला सर्वांत मानाचा पुरस्कार.

अमेरिकेतलं यश

मॅडनेसची अमेरिकेतली सुरुवातीची कंपनी, साईर, त्यांना सोडून मोकळी झाली होती. गेफिन या नव्या कंपनीने जुन्या-नव्या गाण्यांचा एक संग्रह काढला. ‘द राईज अँड फॉल’ हा पूर्ण अल्बम तिकडे तेव्हा निघालाच नाही. पण एमटीव्ही ऑगस्ट १९८१मध्ये सुरू झालं होतं आणि चोवीस तास भरून काढायला त्यांना चित्रफिती हव्या होत्या. ब्रिटिश बँडांकडे त्या होत्या, आणि मॅडनेसकडे तर विनोदी चित्रफितींचा ढीगच. छोट्याशा घरात दाटीवाटीने वाजवणारे सात जण अमेरिकन पोरांना आवडले. बिलबोर्डच्या यादीत सातवा क्रमांक मिळाला. पहिल्या दहांत गेलेलं त्यांचं अमेरिकेतलं हे एकमेव गाणं. लाबी सिफ्रेच्या ‘इट मस्ट बी लव्ह’ची त्यांनी केलेली आवृत्ती तिकडे तेहतिसाव्या क्रमांकावर थांबली.

याच सुमारास, १९८३च्या अखेरीस, बार्सनने बँड सोडत असल्याचं सांगितलं. १९८६मध्ये बँड मोडला. १९९२मध्ये लंडनच्या फिन्सबरी पार्कमधल्या ‘मॅडस्टॉक’ या कार्यक्रमासाठी सातही जण पुन्हा एकत्र आले.

रंगभूमी, फिश फिंगर आणि राजवाडा

ऑक्टोबर २००२मध्ये लंडनच्या केंब्रिज थिएटरमध्ये ‘अवर हाऊस’ याच नावाचं संगीत नाटक आलं. संहिता टिम फर्थची, गाणी मॅडनेसची. कॅमडेनचा जो केसी सोळाव्या वाढदिवशी मैत्रिणीवर छाप पाडायला एका इमारतीत घुसतो आणि पोलीस येतात. पळायचं की पकडलं जायचं, या दोन्ही वाटा नाटक आलटूनपालटून दाखवतं. २००३चं सर्वोत्कृष्ट नव्या संगीत नाटकाचं ऑलिव्हिए पारितोषिक त्याला मिळालं, तरी ते वर्षभरही चाललं नाही. नंतर सग्जने बर्ड्स आय या कंपनीच्या गोठवलेल्या फिश फिंगरच्या जाहिराती केल्या, त्यांतही हेच गाणं वाजलं. गाणं घराघरांत पोचल्याचा याहून ठळक पुरावा नको.

४ जून २०१२ला राणी एलिझाबेथच्या कारकिर्दीच्या हीरक महोत्सवात मॅडनेस बकिंगहॅम राजवाड्याच्या छतावर उभे राहून ‘अवर हाऊस’ वाजवत होते, आणि राजवाड्याच्या दर्शनी भिंतीवर प्रकाशचित्रांनी साध्या घरांची ओळ उमटवली होती. ज्यांचं ते घर, त्या बाई त्या रात्री प्रेक्षकांत होत्या. टू टोनच्या काळातल्या कुणाला हे सांगितलं असतं तर त्याने वेड्यात काढलं असतं. त्याच वर्षी १२ ऑगस्टला लंडन ऑलिंपिकच्या समारोपातही हेच गाणं झालं.

हे सगळं वाचून गाणं लावणार असाल, तर एक विनंती. आधी प्रिन्स बस्टरचं ‘मॅडनेस’ ऐका, मग या मुलांचं ‘द प्रिन्स’, आणि तिसरं ‘अवर हाऊस’. तिन्ही मिळून दहा-बारा मिनिटांच्या आत संपतात. तिसऱ्याच्या वेळी कडव्यातला चौथा कॉर्ड सोडू नका.