हजेरीचे तास आणि भाकरीची सुट्टी

शहापूर-मुरबाड पट्ट्यात मजुराला ‘आज किती तास काम केलंस?’ असं विचारलं, तर उत्तर घड्याळात मिळत नाही. ‘भाकरीपर्यंत होतो’ किंवा ‘दिवस मावळेस्तोवर’ असं मिळतं. घरच्या आवणीला हा हिशोब चालून जातो. पण पैसे मोजायची वेळ आली की भाकरीची सुट्टी कोणाच्या खात्यावर टाकायची, हा वाद बांधावरच सुरू होतो.

रोजगार हमीवर माती उचललेल्या जुन्या मंडळींना याचं एक उत्तर ठाऊक आहे. वि. स. पागे यांच्या कल्पनेतून 1965 साली सांगली जिल्ह्यातील तासगाव भागात या योजनेचा प्रयोग झाला. पुढे 1977 चा कायदा आला व 26 जानेवारी 1979 पासून लागू झाला. त्यातले दर असे बांधले होते की, साधारण माणसाने 7 तास मन लावून काम केलं तर त्याला ठरलेली मजुरी पडावी. म्हणजे पैसे मिळायचे ते खोदलेल्या खड्ड्याच्या मापाचे; तास फक्त दर ठरवण्यापुरते. विडी ओढायला बसलात तरी मुकादम पैसे कापत नसे, माप मात्र कमी भरायचं.

केंद्राचा 2005 चा कायदा 1 एप्रिल 2008 पासून सर्व ग्रामीण जिल्ह्यांत आला. त्याच्या परिशिष्टात पुढे 8 तासांचा दिवस व त्यातच 1 तासाची विश्रांती असं आलं. हिशोब परत 7 तासांवरच! घोळ झाला तो जानेवारी 2023 पासून. मोबाईलवर दिवसातून दोनदा मजुरांचा फोटो घेऊन हजेरी लावणं सक्तीचं झालं. उन्हाळ्यात पहाटे कामाला लागून अकराच्या आत माप पुरं करणाऱ्यालाही दुसऱ्या फोटोसाठी थांबणं आलं. मजुरी मापाची आणि हजेरी घड्याळाची, अशी ही दुहेरी पट्टी; त्यात भुर्दंड पडला तो मजुराला. डिसेंबर 2025 मध्ये संसदेने त्या कायद्याच्या जागी नवा कायदा मंजूर केला. तेव्हा ग्रामपंचायतीने कामाच्या पहिल्याच दिवशी मजुरांना दोन गोष्टी स्पष्ट सांगाव्यात: दर मापावर आहे की रोजावर, आणि हजेरी किती वाजता.

आता आपली पोरं मुरबाडच्या एमआयडीसीत, आसनगाव-वासिंदच्या कारखान्यांत जातात. तिथे सुट्टीचा हिशोब वेगळा. 1948 च्या कारखाने कायद्यात सलग 5 तासांहून जास्त काम नको, मध्ये किमान अर्ध्या तासाची विश्रांती हवी, असा नियम होता. ही विश्रांती कामाच्या तासांत धरली जात नसे. नोव्हेंबर 2025 मध्ये त्या कायद्याची जागा नव्या कामगार संहितेने घेतली. तीत दिवसाचे 8 तास आणि जादा कामाला दुप्पट दर आहे. जेवणाची सुट्टी बिनपगारी धरायची तर त्या वेळात माणूस खरोखर मोकळा हवा. डबा मशीनशेजारी उघडायला लावला आणि ‘लक्ष ठेव’ म्हटलं, तर तो अर्धा तास कामाचाच. ठेकेदार नेमकं हेच विसरतात.

उदाहरण घेऊ. सकाळी 8 ला आत, संध्याकाळी साडेसहाला बाहेर. एकूण साडेदहा तास. जेवणाचा अर्धा तास वजा, उरले 10. रोज 480 रुपये व 8 तासांचा दिवस धरला तर तासाला 60 रुपये झाले. जादा 2 तासांचे दुप्पट दराने 240. त्या दिवसाची मजुरी 720 रुपये. घरून गेटपर्यंत जायला लागलेला वेळ यात येत नाही. टोकावड्याहून येणाऱ्याला ते कितीही जाचक वाटलं तरी.

आणि एक बारीक चूक, जी साध्या वहीतही होते आणि संगणकावरही. 8 तास 45 मिनिटं हे ‘8.45’ असं लिहून तसंच दराने गुणलं जातं. तासाची मिनिटं शंभर नसतात, साठ असतात. 45 मिनिटं म्हणजे पाऊण तास, म्हणून आकडा 8.75 हवा. साध्या दरानेच धरलं तरी 60 रुपये तासाला या चुकीत रोजचे 18 रुपये जातात, 26 दिवसांचे 468. मिनिटांना आधी 60 ने भागायचं, मगच दराने गुणायचं. दहावी झालेल्या मुलीला सांगितलं तर ती अख्ख्या महिन्याची स्लिप पाच मिनिटांत तपासून देईल.

शेतकरी बंधूंनीही आवणीच्या वेळी हेच करावं. रोजावर बोलावलं असेल तर किती वाजता यायचं, न्याहारी व भाकरीला किती वेळ, पावसाने काम थांबलं तर अर्धा रोज की पुरा, हे आदल्या संध्याकाळीच ठरवावं. उक्तं काम दिलं असेल तर मग सुट्टीवर नजर ठेवू नये, किती वाफे लागले तेवढंच पाहावं. दोन्ही हिशोब एकाच मजुराला लावायचे, घाईला उक्तं आणि पैसे देताना रोज, यातून पुढच्या वर्षी माणसं मिळत नाहीत.

वीटभट्टीवर तर तास नावाची गोष्टच नाही. कातकरी जोडपं पावसाळ्यानंतर उचल घेऊन जातं. हजारी विटांचा दर, आठवड्याला खर्ची, आणि हिशोब थेट हंगामाच्या शेवटी. विटा किती पडल्या हे मालकाच्या वहीत असतं. म्हणून निघण्यापूर्वी गावातल्या शिकलेल्या माणसाकडून एक छोटी वही करून घ्यावी. पहिल्या पानावर उचल आणि दर, पुढे रोजच्या विटा, आठवड्याची खर्ची व पडलेला खाडा. दर आठवड्याला त्यावर मुकादमाची सही मागावी. सही नाही दिली, तर तसंच तारखेसह लिहून ठेवावं.