कोल्हा हिरो होऊ शकत नाही म्हणे!

रविवारची रात्र, साडेदहा वाजलेले. ताई आणि जिजू लेट नाइट शोला गेलेले आणि मी त्यांच्या हिंजवडीच्या फ्लॅटवर 'मावशी ड्युटी'वर. सहा वर्षांचा भाचा टक्क जागा. टॅब चार्जिंगला लावलेला, वायफायने मान टाकलेली. म्हणजे आता एंटरटेनमेंट डिपार्टमेंट माझ्याकडे!

"मावशी, स्टोरी सांग. अॅनिमलवाली. पण मॉरल नको हं!"

मॉरल नको? मी गारच पडले. ससा-कासव बाद, लाकूडतोड्या बाद, द्राक्षं आंबट म्हणणारा कोल्हाही बाद. मासकॉमच्या दोन वर्षांत शिकलेलं स्टोरीटेलिंग एका वाक्यात खल्लास. मग नाइलाजाने बारा-पंधरा वर्षांपूर्वीच्या पोतडीत हात घातला आणि सुरुवात केली, "इस्लापूरच्या जंगलात एक लंगडं कोल्हं होतं..."

पोरगा उठून बसला. "लंगडा? व्हाय?"

आता इस्लापूर म्हणजे काय, हे तुम्हाला सांगावं लागेल. नांदेड जिल्ह्यातला किनवट तालुका आणि त्यातलं हे गाव. माझं आजोळ. पैनगंगा नदी जवळच, पलीकडे यवतमाळ म्हणजे विदर्भ, आणि थोडं पुढे गेलं की तेलंगण. सागाचं जंगल आणि सहस्रकुंडचा धबधबा. पावसाळ्यात तो असा काही कोसळतो की शेजारी उभ्या माणसाशीही ओरडून बोलावं लागतं. आणि एक जनरल नॉलेजचा प्रश्न : कायद्याच्या पुस्तकात नाव असलेली गावं किती? १९५६च्या राज्य पुनर्रचना कायद्यात इस्लापूरचं नाव चक्क छापलेलं आहे. तोवर हा भाग हैदराबाद राज्याच्या आदिलाबाद जिल्ह्यात होता. बोथ तालुक्यातलं 'इस्लापूर सर्कल', किनवट आणि राजुरा तालुके तेव्हा मुंबई राज्यात आले. आजीचं लहानपण एका राज्यात गेलं आणि संसार दुसऱ्यात, तोही गाव न बदलता!

म्हणूनच आजीच्या गोष्टीत भाषांची मिसळ असायची. मराठी तर होतीच, पण धबधब्याखालचा म्हातारा बेडूक चिडला की कोल्ह्याला 'नक्का' म्हणायचा. तेलुगूत कोल्ह्याला नक्का म्हणतात, हे मला कॉलेजात हैदराबादची रूममेट मिळाल्यावर कळलं. तोवर मी ती शिवी समजत होते.

उन्हाळ्याच्या सुट्टीत आम्ही पाच-सहा भावंडं तिथे जमायचो. तेव्हा मराठवाड्यात भारनियमन असं होतं की लाईट आली की बातमी व्हायची. अंगणात बाजा टाकलेल्या, डास, आणि आजीच्या हातातला पंखा. कोल्ह्याची गोष्ट मेगासीरियलसारखी रोज रात्री पुढे सरकायची. जंगलात करवती घेऊन माणसं येणार, ही खबर कोल्ह्याला लागते. ती माहूरच्या गडावर राहणाऱ्या वाघराजाला पोचवायची असते. बाकी सगळे धडधाकट प्राणी 'बघू, उद्या बघू' म्हणतात (कुठल्याही ऑफिसात चालतं तेच) आणि सापळ्यात पाय गमावलेलं कोल्हं निघतं. सोबत एक बडबडी सायाळ. सहस्रकुंडच्या पाण्यामागून वाट, मग उनकेश्वरचे गरम पाण्याचे झरे. तिथे कोल्हं पाय बुडवून बसतं आणि पाय बरा होतो, पण अर्धाच. हा 'अर्धाच' मला तेव्हाही फार आवडायचा. पूर्ण बरा झाला असता तर चमत्कार झाला असता. अर्धा बरा झाला, म्हणून मला ते खरं वाटायचं.

माहूर, उनकेश्वर, सहस्रकुंड ही सगळी खरी ठिकाणं. दिवसा एसटीच्या खिडकीतून दिसायची. रात्री त्याच वाटेवरून कोल्हं चालायचं.

क्लायंटचा फीडबॅक

आता खरा किस्सा. गेल्या वर्षी एका ऑडिओ-स्टोरी कंपनीने मला विचारलं, "मुलांसाठी इंडियन अॅनिमल फँटसी लिहाल का? बारा एपिसोड." फ्रीलान्सरला असा फोन म्हणजे दिवाळी बोनस. पैसे ऐकून तर मी मनातल्या मनात तीन महिन्यांचं घरभाडं भरूनही टाकलं. लंगड्या कोल्ह्याचे दोन एपिसोड पाठवले. आठवड्याने कॉल आला. सगळे फार गोड बोलत होते.

एक, कोल्हा 'निगेटिव्ह' वाटतो, सिंहाचा बछडा करता येईल का? दोन, लंगडा नको, पालकांना डिप्रेसिंग वाटेल. तीन, माहूर-उनकेश्वर काढून 'जनरल जंगल' ठेवा, म्हणजे सगळ्या भाषांत चालेल. आणि करारात बारीक अक्षरांत एक ओळ : पात्रं, कथा, नावं, सगळ्याचे हक्क कायमचे कंपनीकडे.

म्हणजे आजीचं कोल्हं सिंह होणार, चार पायांवर नीट चालणार आणि आमचं राहणार नाही. मी "विचार करून सांगते" म्हटलं. विचार कसला, बँक बॅलन्स बघत बसले.

पण कोल्हा निगेटिव्ह? हे काही पचेना. मग रीतसर वाचायला घेतलं. पंचतंत्राच्या पहिल्याच भागात करटक आणि दमनक हे दोन कोल्हे सगळी सूत्रं हलवतात. सहाव्या शतकात बुर्झोय नावाच्या इराणी वैद्याने ही गोष्ट पहलवी भाषेत नेली, आठव्या शतकात इब्न अल-मुकफ्फाने ती अरबीत आणली आणि तिथे पुस्तकाचं नावच पडलं 'कलीला व दिमना'. म्हणजे करटक-दमनकच! साध्यासुध्या कोल्ह्यांच्या नावावर निम्म्या जगाने पुस्तक वाचलंय, बॉस. सिंह तिथे आहे, पण साईड रोलमध्ये.

मराठीत तर प्राण्यांची गोष्ट इतकी जुनी की लीळाचरित्रात चक्रधरस्वामींच्या तोंडी ती येते : कावळ्याचं घर शेणाचं, चिमणीचं मेणाचं, तीच आपली चिऊ-काऊची गोष्ट. तेराव्या शतकात! आणि छापखाना आल्यावर मराठीतल्या अगदी सुरुवातीच्या छापील पुस्तकांपैकी एक कुठलं असेल? 'बालबोध मुक्तावली', म्हणजे इसापनीतीचा मराठी अनुवाद. एकोणिसाव्या शतकाच्या पहिल्या दशकात, तोही पुण्या-मुंबईत नव्हे, तर सरफोजीराजांच्या तंजावरात छापलेला.

प्रॉब्लेम असा की इसाप आला आणि सोबत तात्पर्यही आलं. चांगलं वागा, आळस करू नका, गर्व करू नका. प्राणी म्हणजे मुखवटे घातलेले मास्तर. प्राणी प्रवासाला निघालाय, भितोय, चुकतोय आणि तरी पुढे जातोय, अशी लांबलचक साहसकथा आपल्याकडे पुस्तकात कमीच सापडते. चंपकवनातला चीकू ससा हुशार, पण चार पानांत घरी परत. 'बोक्या सातबंडे' नाव ऐकून भाच्याने मोठ्या आशेने पुस्तक उघडलं, तर हिरो मुलगाच निघाला! (दिलीप प्रभावळकरांची माफी मागून सांगते, दहा मिनिटं रडारड झाली. मग आवडलं.) मोगलीचं म्हणाल तर तो आपल्या सिवनीच्या जंगलातला, पण लिहिला किपलिंगने आणि आपल्या टीव्हीवर आला जपानी कार्टूनमधून. लॉकडाऊनमध्ये २०२० साली दूरदर्शनने तो परत दाखवला, तेव्हा आमच्या घरात भाच्यापेक्षा जिजूच जास्त खूश होते.

एक भारी अपवाद आहे, पण तो मोठ्यांच्या कपाटात. व्यंकटेश माडगूळकरांचं 'सत्तांतर', १९८२चं. वानरांच्या टोळीतली सत्तेची मारामारी. तात्पर्य नाही, उपदेश नाही, वानर वानरासारखेच वागतात. साहित्य अकादमीही मिळाली. बारा-तेरा वर्षांच्या मुलाला बिनधास्त द्या. थोडं रक्त आहे, पण ते व्हिडिओ गेम्समध्येही असतंच.

बाहेर बघितलं तर आणखी मजा. 'वॉटरशिप डाउन' ही सशांच्या प्रवासाची जाडजूड कादंबरी. रिचर्ड अॅडम्स हा सरकारी नोकर. गाडीतून लांबच्या प्रवासाला जाताना दोन मुली कंटाळल्या, म्हणून त्याने ती तोंडी सांगायला घेतली. प्रकाशकांनी नकारावर नकार दिले, शेवटी १९७२मध्ये छापून आली आणि तुफान चालली. 'रेडवॉल' ही शूर उंदरांची सीरीज १९८६पासूनची. ब्रायन जॅक्स लिव्हरपूलमध्ये दुधाची गाडी चालवायचा, अंध मुलांच्या शाळेत दूध टाकायचा. त्या मुलांना वाचून दाखवायला म्हणून त्याने गोष्ट लिहिली. मुलांना दिसत नाही, म्हणून वास, चवी, आवाज असे ठासून भरले की मेजवानीचं वर्णन वाचताना भूक लागते. दोन्ही गोष्टी आधी समोर बसलेल्या मुलांसाठी होत्या, मार्केटसाठी नाही. आजीच्या बाजेजवळ काही वेगळं चाललं नव्हतं.

आणि कोणी म्हणेल की असे प्राण्यांचे प्रवास फँटसीतच होतात, तर ऐका. २०१९च्या जूनमध्ये यवतमाळच्या टिपेश्वर अभयारण्यातून एक तरुण वाघ निघाला. गळ्यात रेडिओ कॉलर, म्हणून त्याचं पाऊल न् पाऊल कळत होतं. आदिलाबाद, नांदेड, हिंगोली असं शेतांतून, नाल्यांतून, रस्ते ओलांडत तो बुलढाण्याच्या ज्ञानगंगा अभयारण्यात पोचला. पाच महिन्यांत तेराशे किलोमीटरहून जास्त! पुढे भटकंती चालूच राहिली आणि लोकांनी त्याला नाव दिलं 'वॉकर'. आमच्या कोल्ह्याच्याच मुलखातला हा हिरो, आणि त्याच्यावर एकही बारा एपिसोडची सीरीज नाही.

शेवट कोणाला माहितीये?

हे सगळं ठीक, पण एक घोळ होता. मला गोष्टीचा शेवटच आठवत नव्हता. भावंडांच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर विचारलं. दादा म्हणाला वाघाने सैन्य पाठवलं. मामेबहीण म्हणाली कोल्हं वाटेत मेलं. ताई म्हणाली शेवट नव्हताच, दरवर्षी सुट्टी संपायची आणि आजी पुढच्या मे महिन्यात परत पहिल्यापासून सुरू करायची.

मग काय, रात्रीची ट्रॅव्हल्स पकडून नांदेड, तिथून एसटीने भोकर, हिमायतनगर करत इस्लापूर. आजी आता चौऱ्याऐंशीची. सकाळी काय खाल्लं ते विसरते, मला कधी ताई समजते, कधी आई. मी फोनचा रेकॉर्डर लावला, वहीही काढली.

"काय लिहूलालीस गं माय?"

"आजी, लंगड्या कोल्ह्याची गोष्ट. पुण्यात एक कंपनी विकत घेणार म्हणते."

आजी सरळ बसली. "किती देऊलालेत?"

मी आकडा सांगितला. तिने तो दोनदा वदवून घेतला. मग मी सिंहाचं सांगितलं. "शिव्हं? हितं कुठं आलंय शिव्हं?" एवढंच म्हणाली आणि पदराने तोंड पुसलं. तिच्या दृष्टीने मीटिंग संपली होती.

"पण आजी, कोल्हं माहूरला पोचलं, मग पुढे काय झालं?"

ती बराच वेळ गप्प. मला वाटलं, गेलं, हेही गेलं. मग म्हणाली, "वाघ कुठं होता तिथं? कवाच मेला होता की. नुसती गादी पडलेली."

"मग?"

"मग काय. बसलं कोल्हं."

माझ्या अंगावर काटा आला. पंचतंत्रातला निळा कोल्हा फसवून राजा होतो आणि उघडा पडतो. आजीचं कोल्हं मात्र अर्ध्या पायाने सगळं जंगल तुडवत येतं आणि जागा रिकामी बघून बसतं. कोणाला तरी बसायला हवंच होतं.

"हे आम्हाला कधीच का नाही सांगितलंस?"

"सांगितलं की दर साली! तुमी समदी झोपून जायची."

परतीच्या बसमध्ये मी मेल टाइप केला : कोल्हा राहील, पाय राहील, माहूर राहील, आणि हक्क आजीच्या नावावर. पैसे कमी केले तरी चालतील. तीन आठवडे झाले, उत्तर नाही. तोवर भाच्याला बारा व्हॉइस मेसेज पाठवून झालेत, एकेका रात्री एक. शेवटचा काल गेला. आज सकाळी ताईच्या फोनवरून रिप्लाय आला, "मावशी, पण करवतवाले अंकल कुठे गेले?"

आजीला फोन लावला. ती झोपली होती.